साडेआठ तासांची दोन मिनिटं

टेबलाचा एक कोपरा दिसतो. ट्यूबलाइटचा निळसर उजेड. डावीकडून एक हात येतो, कागद पुढे ओढतो, शिक्का पॅडवर दाबतो, कागदावर उमटवतो आणि कागद उजवीकडे सरकवतो. मग पुढचा कागद. माणसाचं तोंड दिसत नाही, कोणी बोलत नाही, मागे संगीत नाही. सव्वादोन-अडीच मिनिटांत व्हिडिओ संपतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. खान्देशात हे कुणाला दाखवलं, तर पहिला प्रश्न ठरलेला: "भो, यात स्टोरी कुठे आहे?"

स्टोरी नसते. शॉर्ट फिल्मला सुरुवात, पेच आणि शेवट असतो आणि ती बसून पहिल्यापासून बघायची असते. व्हिडिओ आर्ट हा प्रकार चित्राच्या जवळचा. भिंतीवरच्या चित्रासमोर आपण कधीही येतो, वाटेल तेवढा वेळ थांबतो आणि निघतो. इथेही तसंच, फरक एवढाच की हे चित्र हलतं आणि त्यात वेळ जातो. कचेरीतल्या परकेपणावर बोलायला हा प्रकार इतका सोयीचा पडतो, त्याचं कारणही तेच. कचेरीत माणसाला जे टोचतं ते बहुतेक वेळा घटनेच्या रूपात येत नाही. साहेब ओरडले, बदली झाली, प्रमोशन हुकलं, या गोष्टी सांगता येतात, त्यांची शॉर्ट फिल्म होते. पण मंगळवारी दुपारी पावणेचारला काहीच न घडता जे अंगावर येतं, ते सांगायला गेलं की हातातून निसटतं. ते दाखवायचं तर बघणाऱ्याला त्या वेळेत बसवावं लागतं.

या परकेपणाला मराठीत 'परात्मता' असा जड शब्द आहे. कल्पना मार्क्सची. १८४४मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, पॅरिसमध्ये लिहिलेल्या टिपणांत त्याने ती मांडली. ती टिपणं छापून आली थेट १९३२मध्ये. माणूस चार गोष्टींपासून तुटतो, असं तो म्हणतो: आपण जे तयार करतो त्यापासून, काम करण्याच्या क्रियेपासून, सोबतच्या माणसांपासून आणि शेवटी स्वतःपासून. त्याच्या डोळ्यांसमोर कारखाना होता, पण जळगावच्या एखाद्या पतसंस्थेच्या कचेरीलाही हे चपखल बसतं. कर्जाचा कागद क्लार्कच्या हातून पुढे जातो, त्यातून कुणाचं घर उभं राहिलं की जप्ती आली हे त्याला कळत नाही. सही कुठे, शिक्का कुठे, हे आधीच ठरलेलं असतं. समोरचा माणूस टोकन क्रमांक होऊन येतो. आणि सकाळी बायोमेट्रिक यंत्र त्याच्याच अंगठ्याला तीनदा नाकारतं. चौथं तुटणं दाखवायला यापेक्षा स्वस्त आणि नेमकी प्रतिमा सापडणार नाही.

हे चारही मुद्दे एका व्हिडिओत कोंबू नयेत. एक घ्यावा. नवशिक्यांचे व्हिडिओ इथेच निबंध होऊन बसतात.

थोडा इतिहास, कारण तो थेट कामाला येतो. सिनेमाच्या अगदी पहिल्या चित्रफितींपैकी एक कामगारांवरचीच आहे. १८९५मध्ये ल्युमिएर बंधूंनी फ्रान्समधल्या लिऑन शहरात स्वतःच्या कारखान्यातून सुटलेले कामगार टिपले, पाऊण मिनिटाच्या आसपास. कॅमेरा दाराबाहेर होता. आतलं काम दिसतच नाही, दिसते ती सुटका. १९६७मध्ये सोनीचा खांद्यावर अडकवायचा पोर्टापॅक, म्हणजे सोबत नेता येणारा व्हिडिओ कॅमेरा आणि रेकॉर्डर, आला आणि व्हिडिओ टीव्ही स्टुडिओबाहेर पडून कलावंतांच्या हाती लागला. फिल्म धुवायचा खर्च नाही, टिपलेलं लगेच बघता येतं. मात्र टेप कापणं-जोडणं त्या काळी किचकट होतं, म्हणून सुरुवातीच्या व्हिडिओ कलाकृतींत लांबच लांब, न कापलेले शॉट दिसतात. अडचणीतून आलेली ती शैली पुढे मुद्दाम वापरली जाऊ लागली.

आपल्याकडचं एक उदाहरण गमतीचं आहे. फिल्म्स डिव्हिजन हे फायली, मंजुऱ्या आणि हजेरीपटाचं चक्क सरकारी खातं होतं. त्याच खात्यातून १९६८मध्ये प्रमोद पति यांचा 'एक्सप्लोरर' हा छोटा प्रयोगपट निघाला. त्यात निवेदन नाही, कथा नाही, नुसता चित्रांचा आणि आवाजांचा मारा.

पण या विषयावर काम करणाऱ्याने सर्वांत आधी समजून घ्यावं असं काम तेहचिंग शे या तैवानी कलावंताचं आहे. एप्रिल १९८० ते एप्रिल १९८१ असं वर्षभर, न्यूयॉर्कमधल्या आपल्या स्टुडिओत, त्याने दर तासाला हजेरीच्या घड्याळात कार्ड पंच केलं. रात्रीसुद्धा. वर्षाचे तास ८,७६०. त्यातले १३३ पंच हुकले, त्यांचीही नोंद त्याने ठेवली. प्रत्येक पंचाच्या वेळी १६ मिमी कॅमेऱ्याने एकच फ्रेम, म्हणजे फिल्मवरचं एक स्थिर चित्र, टिपली. सुरुवातीला डोकं भादरलेलं होतं, म्हणून केस वाढताना वर्ष सरकलेलं दिसतं. फिल्म सेकंदाला २४ फ्रेमने पळते आणि दिवसाचे तासही २४, म्हणून पडद्यावरच्या एका सेकंदात एक दिवस जातो. अख्खं वर्ष सहा मिनिटांत आटोपतं. यात अभिनय नाही, दुःखी चेहरा नाही. एक नियम आहे आणि तो शेवटपर्यंत पाळलेला आहे. फिनलंडच्या पिल्वी टाकाला हिने २००८मध्ये नेमकं उलटं केलं. एका मोठ्या कंपनीत ती महिनाभर प्रशिक्षणार्थी म्हणून गेली आणि काहीच न करता बसून राहिली, एक दिवस तर लिफ्टमध्येच वरखाली करत. खरं काय ते मोजक्याच लोकांना माहीत होतं. मोबाइलमध्ये डोकं घालून वेळ काढणारा कुणाला खटकत नाही, पण हात रिकामे ठेवून नुसता बसलेला माणूस सगळ्यांना अस्वस्थ करतो, हे त्या कामात उघडं पडतं.

तेव्हा पहिली पायरी: कथा नव्हे, नियम लिहायचा. एका वाक्यात. "पॅडमधली शाई संपेपर्यंत शिक्का मारायचा." "जिन्यावरून जाणाऱ्या प्रत्येक पावलाला एक रेघ." वाक्यात 'आणि' आला तर नियम बहुधा दोन झाले, त्यातला एक काढायचा.

खान्देशी माणसाच्या हाती एक नियम असा आहे, जो पुण्या-मुंबईच्या माणसाला सहज सुचणार नाही. घरी अहिराणी किंवा लेवा बोली, आणि कचेरीत 'मान्यतेस्तव सादर', 'उचित कार्यवाहीस्तव', 'अवलोकनार्थ'. घरी 'कसं शे?' विचारणारा माणूस दिवसभर ज्या भाषेत लिहितो, ती भाषा तो कधीच बोलत नाही. या दोन भाषांमध्ये रोज भुसावळ-जळगाव अप-डाऊन होतं तसं अप-डाऊन चालू असतं. एक साधा प्रयोग: टिपणीतली दहा वाक्यं सपाट आवाजात वाचून रेकॉर्ड करायची आणि पडद्यावर फक्त घरचे हात दाखवायचे, भाकरी थापणारे, लसूण सोलणारे. उलटही करता येतं. आवाज आणि चित्र एकमेकांचा अर्थ सांगू लागले की मात्र ताण संपतो. 'सादर' म्हणताना ताट पुढे केलेलं दाखवलं की विनोद झाला.

आता जागा. खऱ्या कचेरीत कॅमेरा लावण्याचा हट्ट बहुतेक जण धरतात आणि तिथेच अडतात. लेखी परवानगी लागते, कामाचा खोळंबा होतो, आणि फ्रेममध्ये कुणाचा आधार क्रमांक, कुणाचं खातं, कुणाचा चेहरा आला की व्हिडिओ बाहेर दाखवण्याच्या लायकीचा राहत नाही. परवानगी तोंडी मिळाली असेल तर ती मिळालेलीच नाही असं धरून चालावं. रद्दीवाल्याकडून जुन्या फायली आणण्यातही हाच धोका: त्यात खऱ्या माणसांची नावं असतात. यावर खान्देशातच एक उत्तर होऊन गेलेलं आहे. चाळीसगावचे छायाचित्रकार केकी मूस यांनी आयुष्यातली कित्येक दशकं जवळजवळ बंगल्याबाहेर न पडता काढली आणि टेबलावर छोट्या वस्तू व दिवे मांडून अख्खे देखावे उभे केले. टेबलटॉप छायाचित्रणासाठी ते ओळखले जातात. कचेरीदेखील टेबलावर मावते. सनमायका लावलेलं टेबल, कोरे कागद, टॅगने बांधलेली फाईल, टाचणीची डबी, स्टॅम्प पॅड, एक ट्यूब. शिक्क्यावर कुठल्या खऱ्या संस्थेचं नाव नको. नुसती तारीख फिरवायचा शिक्का स्टेशनरीच्या दुकानात मिळतो, तोच घ्यावा.

कॅमेरा वरून लावायचा. दोन उंच स्टुलांवर लाकडी फळी, फळीच्या कडेबाहेर फोनची फक्त लेन्स, आणि फोन दुतर्फी चिकटपट्टीने घट्ट. फळी आणि टेबल एकमेकांना टेकता कामा नये, नाहीतर शिक्क्याच्या प्रत्येक ठोक्याला चित्र हादरतं. मग पडद्यावर बोट दाबून धरून फोकस आणि एक्सपोजर, म्हणजे कॅमेऱ्याने किती उजेड घ्यायचा ते, लॉक करायचं. हे विसरलं की हात फ्रेममध्ये आला की चित्र उजळतं, गेला की काळवंडतं, आणि पांढऱ्या कागदांच्या गठ्ठ्यात तर हमखास.

उजेडाचा घोळ सर्वांत जास्त होतो, म्हणून तो नीट बघू. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे चोकवाली ट्यूब आणि बरेचसे स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. डोळ्याला कळत नाही, फोनला कळतं. बहुतेक फोन सेकंदाला ३० फ्रेमवर असतात आणि शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमला उजेड घेण्याचा वेळ, १/६० सेकंद धरतात, मग चित्रावरून काळपट पट्टे सरकतात. मॅन्युअल मोड किंवा तशी सोय देणारं अॅप घेऊन २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवलं की बहुतेक वेळा पट्टे जातात. १/१०० सुद्धा चालतं. इलेक्ट्रॉनिक चोकवर हा त्रास जवळजवळ नसतो. फ्रेममध्ये कॉम्प्युटरचा मॉनिटर असेल तर पेच वाढतो, कारण तो सहसा ६० हर्ट्झवर चालतो. दोघांना एकाच वेळी खूश करता येत नाही. ट्यूब विझवून खिडकीचा उजेड घ्या, नाहीतर मॉनिटर ५० हर्ट्झवर जातो का ते त्याच्या सेटिंगमध्ये बघा. स्लो मोशनमध्ये तर हे जास्तच उघडं पडतं: १२० फ्रेमने टिपून २५ने दाखवलं की ट्यूबचा उजेड सेकंदाला चारेक वेळा लपलपतो, २४०ने टिपलं तर दहाच्या आसपास. या विषयाला ती लपलप शोभूनही दिसते, पण ती आपण आणलेली असावी, आलेली नसावी.

रंगही आपोआप होऊ देऊ नये. बाजारातली 'कूल डेलाइट' ट्यूब ६,५०० केल्विनची असते. फोनचं ऑटो व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरा रंग कोणता ते आपोआप ठरवण्याची सोय, ती 'सुधारून' पांढरी करून टाकतं आणि कचेरीचा थंडपणाच उडून जातो. व्हाइट बॅलन्स ५,०००च्या आसपास बांधला की निळसर झाक राहते. त्याहून खाली गेलं तर भुताच्या सिरियलसारखं दिसतं.

एप्रिल-मेमध्ये भुसावळ-जळगावकडे पारा ४५ अंशांपर्यंत जातो, आणि बरेचसे फोन ३५ अंशांपर्यंतच्या हवेसाठी बनवलेले असतात. लांब शॉट चालू असताना फोन आधी पडदा मंद करतो, मग रेकॉर्डिंग बंद करतो, आणि तेही नेमकं तिसाव्या शिक्क्याला. सकाळी आठच्या आत काम उरकावं, कव्हर काढावं, विमान मोड लावावा, चार्जर काढून ठेवावा. गार झालेल्या एसी खोलीतून फोन एकदम दमट हवेत नेला तर लेन्सवर वाफ धरते. पावसाळ्यात हे विशेष, तेव्हा दहा मिनिटं थांबावं.

उन्हाळ्यात कूलर लागतोच, आणि कूलरचा आवाज म्हणजे सगळ्या उंच-सखल आवाजांवर पसरलेली घोंगडी. सॉफ्टवेअरने तो काढायला गेलं की शिक्क्याचा ठोका डब्यात वाजल्यासारखा होतो. म्हणून चित्र आणि आवाज वेगवेगळे घ्यावेत. चित्र घेताना कूलर खुशाल चालू ठेवा. नंतर तो बंद करून, दुसरा फोन घडी घातलेल्या टॉवेलवर टेबलापासून वीतभर लांब ठेवून, शिक्क्याचे वीसेक ठोके घ्या. शिवाय काहीच न करता खोलीचा एक मिनिटाचा आवाज घ्या: पंखा, ट्यूबची गुणगुण, बाहेरचा रस्ता. हा थर संपूर्ण व्हिडिओखाली अंथरायचा असतो. तो नसला तर दोन ठोक्यांमधली शांतता मेलेली वाटते. फोन आवाजाची पातळी स्वतः कमी-जास्त करत राहतो हेही लक्षात ठेवा. मोठा ठोका आला की तो पातळी खाली पाडतो आणि मग गुणगुण हळूहळू फुगत वर येते. पातळी हाताने ठरवू देणारं अॅप वापरून ठोका उणे १२ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नये.

शिक्के खरोखर मारावेत. एकच शॉट कॉपी करून पंचेचाळीस वेळा चिकटवला तर बघणाऱ्याला तिसऱ्या वेळीच ते कळतं आणि तो सुटतो. खऱ्या पंचेचाळीस ठोक्यांत मनगट थकतं, कागद तिरके होतात, पॅड वाळत जातं. खान्देशच्या हवेत पॅड लवकर वाळतं, ती आपली फुकटची मदत. वेळ पाळायला मोबाइलच्या मेट्रोनोमची टिकटिक एका कानात लावावी, चार सेकंदांना एक ठोका.

एडिटिंगआधी फोनची क्लिप हँडब्रेकसारख्या मोफत सॉफ्टवेअरमधून स्थिर फ्रेम रेटवर आणून घ्यावी. फोन फ्रेम रेट थोडा वरखाली करतो, आणि दोन मिनिटांनी ठोका दिसतो आधी, ऐकू येतो नंतर. मग एडिटिंगला डाव्हिंची रिझॉल्व्ह किंवा केडेनलाइव्ह, दोन्ही सॉफ्टवेअर फुकट मिळतात. आता युक्ती. चार सेकंद म्हणजे १०० फ्रेम. पहिलं आवर्तन, म्हणजे कागद ओढण्यापासून सरकवण्यापर्यंतची एक फेरी, १०० फ्रेमचं ठेवा, दुसरं ९९, तिसरं ९८, असं दर वेळी एक फ्रेम कापत पंचेचाळिसावं ५६वर आणा. बेरीज ३,५१० फ्रेम, म्हणजे दोन मिनिटं वीस सेकंद. एक फ्रेम म्हणजे सेकंदाचा पंचविसावा भाग, ती कापलेली कुणालाही दिसत नाही. पण शेवटाकडे बघणाऱ्याचा श्वास अडकायला लागतो आणि का ते त्याला सांगता येत नाही. लूप फिरून पहिलं आवर्तन पुन्हा १०० फ्रेमचं आलं की एकदम सैल पडतं, सोमवारी सकाळी पडतं तसं.

दुसरी रीत टाइमलॅप्सची. राज्य सरकारी कचेऱ्यांत फेब्रुवारी २०२०अखेर पाच दिवसांचा आठवडा आला, तेव्हापासून वेळ पावणेदहा ते सव्वासहा. साडेआठ तास म्हणजे ३०,६०० सेकंद. दर दहा सेकंदांना एक फोटो घेतला तर ३,०६० फोटो, आणि २५च्या वेगाने दोन मिनिटं दोन सेकंद. रिकामी खुर्ची आणि भिंतीवर सरकणारं ऊन एवढंच पुरतं. त्यासाठी पश्चिमेची खिडकी बघावी. इथे मात्र एक्सपोजर पूर्ण बांधून ठेवू नये, कारण दुपारचं ऊन आत आलं की भिंत पांढरी फटक पडते.

फसण्याच्या काही जागा आधीच ओळखता येतात. डोक्याला हात लावून बसलेला माणूस. सतारीचा किंवा व्हायोलिनचा विलाप. शेवटी पडद्यावर उमटणारं सुविचारासारखं वाक्य. ड्रोनने घेतलेली कचेरीची इमारत. हे सगळं बघणाऱ्याला सांगतं की आता वाईट वाटून घ्या, आणि मग तो वाटून घेत नाही. क्लार्कची टिंगल हीसुद्धा तशीच चूक. यंत्रणेवर बोलायला निघालेला व्हिडिओ त्या बिचाऱ्या हातावरच हसू लागतो.

दाखवायचं कसं? मोबाइलवर ही गोष्ट मरते, अंगठा पुढे सरकायला टपलेलाच असतो. कॉलेजच्या हॉलमध्ये, वाचनालयात जुना ३२ इंची टीव्ही पुरतो. पेन ड्राइव्हवर एकच छोटी क्लिप टाकून 'रिपीट' लावलं तर बरेच टीव्ही दर फेरीला सेकंद-दोन सेकंद काळे पडतात आणि लूपचा सांधा उघडा पडतो. म्हणून तीच क्लिप टाइमलाइनवर पंचवीस वेळा लागोपाठ लावून तासाभराच्या आतली एक सलग फाईल काढावी. बिटरेट, म्हणजे दर सेकंदाला खर्ची पडणारा डेटा, ८ एमबीपीएस ठेवला तर ती साडेतीन जीबीच्या आसपास बसते. हे महत्त्वाचं, कारण पुष्कळ टीव्हींना एफएटी-३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला पेन ड्राइव्हच चालतो आणि त्यावर चार जीबीहून मोठी फाईल मावत नाही. टीव्हीचं 'मोशन स्मूदिंग' बंद करावं, नाहीतर मोजून कापलेल्या फ्रेमांच्या मध्ये तो स्वतःच्या फ्रेमा घुसवतो. अर्ध्या तासाचा स्लीप टायमर आणि 'सिग्नल नाही तर बंद' हेही आधी बघून ठेवावं.

टीव्ही उंच टांगू नये. टेबलावर, शिक्का मारणाऱ्या हाताच्या उंचीला ठेवावा, म्हणजे बघणारा आपसूक काउंटरच्या अलीकडे उभा राहतो. समोर पाठ नसलेलं बाकडं. आवाज एवढाच, की बाकड्यावरून ठोका ऐकू येईल आणि दारातून फक्त गुणगुण.